सेव्हरली म्हणजे कुणाकडून?

इंग्रजीतली काही क्रियाविशेषणं घरात, बाजारात, वर्तमानपत्रात सहसा भेटत नाहीत. त्यांचा मुक्काम स्टॅम्पपेपरवर. ‘सेव्हरली’ हे त्यांतलं एक. माझी सगळी नोकरी सांगली जिल्ह्यातल्या एका सहकारी बँकेच्या कर्ज विभागात झाली, त्यामुळे या शब्दाशी गाठ रोजचीच. वचनचिठ्ठी घ्या, जामीनपत्र घ्या, नाहीतर एखाद्या हळदीच्या अडत पेढीच्या कॅश क्रेडिटचा करार घ्या, पहिल्या दोन-तीन ओळींतच ‘जॉइंटली अँड सेव्हरली’ हे जोडपं हजर. त्यातल्या पहिल्याचं कुणाला काही वाटत नसे. जॉइंट खातं, जॉइंट फॅमिली सगळ्यांना माहीत. दुसऱ्यापाशी माणूस अडखळे, आणि अडखळला तरी विचारत नसे. मागे रांग असे, आणि सही कुठे करायची तिथे आमच्या क्लार्कने पेन्सिलीने आधीच फुल्या मारून ठेवलेल्या असत.

जे विचारत ते आपापला अर्थ घेऊनच येत. ‘सेव्हरल’ म्हणजे अनेक, हे शाळेत पाठ झालेलं. त्यावरून ‘सेव्हरली’ म्हणजे ‘अनेकदा’ असणार, असा पुष्कळांचा हिशेब. “म्हणजे बँक पुन्हा पुन्हा मागणार, असंच ना मॅडम?” असं एका पदवीधर जामीनदाराने मला विचारलं होतं. व्याकरण चुकलं असलं तरी बँकेबद्दलचा अंदाज काही चुकला नव्हता. दुसऱ्या काहींना त्यात ‘सिव्हिअर’ दिसे: एकत्रितपणे आणि कडकपणे. एका भाषांतर करणाऱ्या संस्थेकडून आलेल्या मराठी मसुद्यात तर खरोखरच ‘गंभीरपणे जबाबदार’ असं छापून आलं होतं.

मूळ अर्थ साधा आहे: वेगवेगळे, एकेकटे, ज्याचा तो. ‘सेव्हरल’ या विशेषणाचाही जुना अर्थ ‘वेगळा’ हाच. ‘सेपरेट’ त्याचं चुलत भावंड. ‘अनेक’ हा अर्थ मागाहून आला. यात नवल वाटायचं कारण नाही, आपल्याकडेही तेच झालंय. ‘निरनिराळ्या लोकांनी सांगितलं’ म्हणताना ते लोक एकमेकांपासून निराळे होते हे कुणाच्या डोक्यात नसतं, पुष्कळांनी सांगितलं एवढंच म्हणायचं असतं. शेक्सपिअरच्या नाटकांत पात्रं रंगमंचावरून जाताना कधी कधी सूचना असते की ती ‘सेव्हरली’ जातात, म्हणजे एक या दाराने, दुसरं त्या दाराने. ‘ज्युलियस सीझर’मध्ये खून झाल्यावर ब्रूटस आणि कॅशियस गर्दीची विभागणी करतात, तेव्हा एक नागरिक म्हणतो की आपण दोघांची कारणं वेगवेगळी ऐकू आणि मग ताडून पाहू, तिथेही हाच शब्द. आमचे कर्जदार आणि जामीनदार सही करून एकाच दाराने हसत बाहेर पडत. सेव्हरली जाण्याचा प्रसंग दोन-तीन वर्षांनी येई.

असा एक प्रसंग सविस्तर सांगते. एका तरुणाने दुधाच्या वाहतुकीसाठी जुना टेम्पो घ्यायला कर्ज घेतलं. जामीनदार तीन: जिल्हा परिषदेच्या शाळेतले एक गुरुजी, एसटीतले एक कंडक्टर आणि कर्जदाराचा मेहुणा. पहिलं वर्ष हप्ते आले, मग तुटक आले, मग बंद पडले. कर्जदार पुण्याकडे गेला आणि टेम्पो दारात उभा राहिला. आमच्या वसुली विभागाने नोटिसा तिघांना काढल्या, पण खरी नजर गुरुजींवर. कंडक्टर कधी कुठल्या फेरीवर असेल सांगता येत नसे, मेहुण्याच्या नावावर काही नव्हतं. गुरुजींचा पगार मात्र ठरल्या तारखेला आमच्याच शाखेत जमा होई. मऊ लागलं की कोपराने खणायचं, हे वसुलीचं पहिलं शास्त्र. ते कुठल्या परिपत्रकात लिहिलेलं नसतं.

गुरुजी आले ते वहीचं पान घेऊन. थकबाकी होती २,१७,४५० रुपये. त्यांनी पानावर तिनाने भागाकार केला होता, शाळेत करून दाखवतात तसा, पायऱ्यांसकट. उत्तर ७२,४८३ रुपये ३३ पैसे. खाली ‘बाकी १ पैसा’ असं लिहून त्याला चौकट केली होती. “मॅडम, माझा तिसरा हिस्सा मी आणलाय. वरचा एक पैसाही मीच भरतो. मला मोकळं केल्याचं पत्र द्या.” नोटा त्यांनी रबर लावून आणल्या होत्या आणि पिशवीच्या तळातून चिल्लर काढत होते.

आता यांना काय सांगायचं? पैसे भरून घेता येतात, पावती देता येते. पण पावती ‘कर्जखात्यावर जमा’ अशी निघणार, ‘जबाबदारी संपली’ अशी नाही. त्यांना वाटत होतं की तिघांनी मिळून सही केली म्हणजे तिघांची वाटणी झाली. कागद सांगत होता की तिघांपैकी प्रत्येकजण पूर्ण रकमेला बांधलेला आहे. तिघांनी मिळून दिले तरी चालेल, एकाने सगळे दिले तरी चालेल, आणि तो एक कोण हे बँक ठरवणार. जामिनाची जबाबदारी मूळ कर्जदाराइतकीच, असं भारतीय करार कायद्याचं कलम १२८ सांगतं. आधी कर्जदाराकडून वसुलीचे सगळे मार्ग संपवा आणि मगच जामिनाकडे जा, अशी अट बिहारमधल्या एका बँकेच्या दाव्यात खालच्या कोर्टाने घातली होती. ती सर्वोच्च न्यायालयाने १९६८ साली काढून टाकली. मी हे सांगितल्यावर गुरुजी म्हणाले, “मग कर्ज त्याला कशाला दिलंत? मलाच द्यायचं होतं.” याला उत्तर नव्हतं, अजूनही नाही.

गुरुजी एकटे असं बोलत होते असं नाही. माझ्या टेबलासमोर बसलेल्या बहुतेक जामीनदारांचा हाच समज होता, आणि तो अडाणीपणातून येत नाही. आपल्याकडे घर, शेत, वर्गणी, लग्नाचा खर्च, सगळं वाटणीत चालतं. ‘आपण सगळे मिळून बघू’ याचा अर्थच मुळी ‘कुणावर फार पडू देणार नाही’ असा. त्याच विश्वासावर माणूस भिडेखातर सही करतो. भीड ही भिकेची बहीण, हे सगळ्यांना माहीत असतं. ती आपल्याच घरी येईल असं वाटत नाही.

गुरुजींच्या निमित्ताने मी आमच्या पॅनेलवरच्या वकीलसाहेबांपाशी हा शब्द खोदायला घेतला, तेव्हा त्यातली गंमत कळली. जुन्या इंग्रजी कायद्यात नुसतं ‘जॉइंटली’ दिलेलं वचन हे एकच वचन धरत. सावकाराने त्यातल्या काहींवर दावा लावून हुकूमनामा घेतला की त्याचा हक्क त्यात विरून जाई. पैसे वसूल झाले नाहीत तरी उरलेल्यांवर नव्याने दावा लावता येत नसे. केंडॉल विरुद्ध हॅमिल्टन हा १८७९ चा खटला त्याचं प्रसिद्ध उदाहरण. सावकारांनी माहीत असलेल्या दोघा भागीदारांवर हुकूमनामा मिळवला, त्यांच्याकडून पैसे निघेनात, आणि मग कळलं की हॅमिल्टन नावाचा तिसरा, चांगला पैसेवाला भागीदार पडद्याआड होता. हाउस ऑफ लॉर्ड्सने सांगितलं, आता उशीर झाला. हा नियम तिकडे थेट १९७८ साली कायदा करून काढावा लागला. तोवर वकिलांनी आपली सोय आपणच करून घेतली होती: ‘जॉइंटली’ला ‘अँड सेव्हरली’ची शेपटी जोडायची. म्हणजे सगळ्यांचं मिळून एक वचन आणि शिवाय प्रत्येकाचं स्वतःचं एक. एकावरचा हुकूमनामा पुरला नाही तर दुसऱ्यावर जायला वाट मोकळी.

आपल्या देशात मात्र ही शेपटी बरीचशी शोभेचीच आहे. केंडॉलच्या निकालाच्या सात वर्षं आधी, १८७२ मध्येच, भारतीय करार कायदा आला, आणि त्याच्या कलम ४३ ने सांगून टाकलं की अनेकांनी मिळून वचन दिलं असेल आणि उलट काही ठरलं नसेल तर त्यांपैकी कुणाही एकाला पूर्ण वचन पाळायला लावता येईल. कलम ४४ ने पुढे जोडलं की एकाला सोडलं म्हणून बाकीचे सुटत नाहीत. म्हणजे ज्या रोगावर इंग्रज वकिलांनी हे औषध काढलं, तो रोगच इथे शिल्लक नव्हता. मी वकीलसाहेबांना विचारलं, “मग काढून टाकूया का? लोक घाबरतात तरी कमी.” ते म्हणाले, “राहू द्या हो. खातंय का काही?” बँकांच्या कागदांतले निम्मे शब्द याच न्यायाने टिकून आहेत.

गुरुजींना उपयोगी पडलं ते मात्र त्याच कायद्यातलं पुढचं पान. जामिनाने कर्ज फेडलं की कलम १४० प्रमाणे बँकेचे कर्जदारावरचे हक्क त्याच्याकडे येतात, तारणासकट. कलम १४५ प्रमाणे भरलेली रक्कम तो कर्जदाराकडून मागू शकतो. आणि कलम १४६ प्रमाणे सहजामीनदारांना आपापला सारखा वाटा त्याला द्यावा लागतो. म्हणजे गुरुजींचा भागाकार बरोबरच होता, फक्त तो बँकेला दाखवायचा नव्हता. कंडक्टरला आणि मेहुण्याला दाखवायचा होता. मी त्यांना हे लिहून दिलं आणि प्रत्येक पावती जपून ठेवायला सांगितली. त्यांनी प्रॉव्हिडंट फंडातून पैसे काढून खातं बंद केलं. टेम्पो विकून काही रक्कम परत आली. कंडक्टरने आपला वाटा हप्त्याने दिला. मेहुण्याकडे रोकड नव्हती, त्याच्या म्हशी होत्या. तो कितीतरी दिवस गुरुजींच्या घरी रोज दूध घालत होता आणि गुरुजी कॅलेंडरवर लिटर मांडत होते.

जबाबदारीच्या कागदात दहशत घालणारा हाच शब्द अधिकाराच्या कागदात मात्र सोयीचा होतो. कंपन्यांच्या ठरावात अमुक दोन संचालकांना ‘सेव्हरली’ अधिकार दिला असं लिहिलं, की दोघांपैकी एकाची सही पुरते. ‘जॉइंटली’ लिहिलं की दोघं हवेत. वकीलपत्रावर चार वकिलांची नावं असतात ती याच हिशेबाने. तारखेला त्यातला कुणीही उभा राहिला तरी चालावं म्हणून. आमच्याकडे बचत गटांची खाती असत, अध्यक्ष आणि सचिव दोघींच्या सहीने चालणारी. अध्यक्षबाई बाळंतपणाला माहेरी गेल्या की सचिवबाई पासबुक हातात धरून काउंटरपाशी उभ्या. एकदा एका गटाच्या बायका ठराव लिहून घेऊनच आल्या: ‘आमचं खातं दोघींपैकी कुणाही एकीच्या सहीने चालावं.’ मग त्यांच्यातच खुसपुस झाली, आणि दुसऱ्या आठवड्यात तोच ठराव रद्द करणारा ठराव आला. सेव्हरली अधिकार द्यायला भरवसा लागतो. सेव्हरली जबाबदारी घ्यायलाही तो लागतो म्हणा, पण तिथे तो कुणी तपासत नाही.

आणखी एक वळण आहे, ते मला फार उशिरा कळलं. ‘सेव्हरली’ एकटं आलं तर त्याचा अर्थ गुरुजी म्हणत होते तोच होतो! शेअरविक्रीच्या वेळी हमी घेणाऱ्या संस्था करारात ‘सेव्हरली, बट नॉट जॉइंटली’ असं आवर्जून लिहून घेतात: मी उचललेल्या हिश्शापुरता मी, शेजारचा बुडाला तर त्याचं मी बघणार नाही. म्हणजे हा शब्द एकटा असला की माणसाला हिश्शापुरता ठेवतो, आणि ‘जॉइंटली’च्या संगतीत आला की पुऱ्या रकमेला बांधतो. मोठ्या संस्थांचे वकील स्वतःसाठी पहिला प्रकार मागून घेतात. जिल्हा परिषदेच्या शिक्षकापुढे दुसरा छापून येतो.

अमेरिकेत या भेदावर निवडणुकीत मतदान झालंय. तिथला गाजलेला दाखला फ्लोरिडातल्या वॉल्ट डिस्ने वर्ल्डचा. १९७१ साली छोट्या मोटारी चालवायच्या खेळात एका तरुणीच्या गाडीला तिच्या होणाऱ्या नवऱ्यानेच मागून धडक दिली. ज्युरीने दोष वाटला: तिचा स्वतःचा १४ टक्के, त्याचा ८५ टक्के, डिस्नेचा १ टक्का. भरपाईचा हुकूम मात्र डिस्नेवर ८६ टक्क्यांचा झाला, आणि १९८७ मध्ये फ्लोरिडाच्या सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला. कॅलिफोर्नियात त्याच्या आदल्या वर्षी मतदारांनी कौल देऊन वेदना, मनस्ताप अशा पैशात न मोजता येणाऱ्या नुकसानीपुरती ही पद्धत बदलली. तिथे आता ज्याचा दोष जेवढा, त्याची भरपाई तेवढी. डिस्नेची बाजू घेऊन मला रडायचं नाही. पण दुसरी बाजूही आहे. दोन गाड्यांच्या धडकेत तिसऱ्याच कुणाचा पाय गेला, तर त्याने दोन्ही गाड्यांच्या विमा कंपन्यांकडे टक्केवारी घेऊन हिंडावं का? आपल्या सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये स्पष्ट केलं की अशा जखमीला पूर्ण भरपाई कुणाही एकाकडून घेता येते. टक्केवारीचा हिशेब त्या दोघांनी आपसात करावा. हे मला पटतं. पाय गेलेला माणूस आणि बँक यांना एकच हत्यार मिळावं का, एवढाच माझा प्रश्न आहे.

नोकरीच्या अखेरच्या काळात बँकेने सगळे फॉर्म मराठीत करायचे ठरवले आणि ते काम माझ्याकडे आलं. ‘संयुक्तपणे व पृथकपणे’ हा सरकारी वळणाचा पर्याय तयार होताच, पण ‘पृथक’ शब्द सोसायटीचा सचिवसुद्धा वापरत नाही. ‘सामुदायिक व वैयक्तिक जबाबदारी’ हे सहकारात रुळलेलं. त्यात अडचण अशी की ‘वैयक्तिक’ म्हटलं की लोक पुन्हा ‘माझ्यापुरतं’ असंच समजतात. ‘वेगवेगळे’ तर सरळ वाटणीकडेच नेतं. शेवटी मी आमच्या वसुलीतल्या एका जुन्या साहाय्यकाला विचारलं, “मामा, तुम्ही दारात जाऊन काय सांगता?” ते म्हणाले, “सांगायचं काय? सगळ्यांनी मिळून द्या, नाहीतर तुम्ही एकट्याने सगळे द्या.” कलम ४३ चं इतकं नेमकं मराठी मी दुसरीकडे पाहिलेलं नाही. मसुद्यात मी ‘संयुक्तपणे व पृथकपणे’ ठेवलं आणि पुढे वाक्य जोडलं: ‘म्हणजेच संपूर्ण रक्कम आम्हां सर्वांकडून मिळून किंवा आमच्यापैकी कुणाही एकाकडून वसूल करण्याचा बँकेला अधिकार राहील.’

संचालक मंडळापुढे मसुदा गेला तेव्हा एक संचालक म्हणाले, “एवढं उघड लिहिलं तर जामीन राहणार कोण?” प्रश्न प्रामाणिक होता. त्यावर वकीलसाहेबांनी त्यांना आठवण करून दिली की सहकार कायद्याच्या कलम ७३ खाली समितीच्या सदस्यांवरही समितीच्या निर्णयांची अशीच संयुक्त आणि पृथक जबाबदारी येते, आणि निवडून आल्यावर पंधरा दिवसांत तसा बंध त्यांनी स्वतः लिहून दिलेला आहे. पुण्या-मुंबईच्या हाउसिंग सोसायट्यांत हाच बंध एम-२० या नावाने वर्षानुवर्षं भरून घेत; तोही असाच, फुलीच्या जागी सही करून. संचालकांनी विचारलं, “म्हणजे कर्ज बुडालं तर माझ्या एकट्याच्या घरावर येऊ शकतं?” वकीलसाहेब म्हणाले, “चौकशीत तसं ठरलं, तर येऊ शकतं.” मग त्या विषयावर पाऊण तास चर्चा झाली, कर्जमंजुरीच्या विषयांवर क्वचितच होते तेवढी, आणि वाक्य मंजूर झालं.

नवे फॉर्म आल्यावर शाखांमधून कुरकुर सुरू झाली. जामीनदार वाक्य वाचून पेन खाली ठेवतात, ‘घरी विचारून येतो’ म्हणतात, आणि त्यातले काही परत येत नाहीत. कर्जं रेंगाळतात, महिन्याचं टार्गेट गाठत नाही. मी म्हटलं, घरी विचारून येतायत हे चांगलंच आहे. व्यवस्थापकांना ते पटलं नाही. पुढच्या छपाईत वाक्य शब्दशः तेच राहिलं. टाइप मात्र दोन पॉइंटांनी लहान झाला.